प्रचरण विश्लेषण : जैववैद्यकीय व वर्तनविषयक संशोधनातील उपयोग

निरीक्षणांमध्ये आढळणाऱ्या एकूण तफावतीचे, ती ज्या कारणांमुळे उद्‌भवते त्या कारणांनुसार विभाजन करून प्रत्येक भागाचे मोजमाप करण्याच्या सांख्यिकीय पद्धतीस प्रचरण विश्लेषण असे म्हणतात. माध्यापासून (सरासरीपासून) निरीक्षणांची जी विचलने असतात त्यांच्या वर्गांची सरासरी म्हणजे प्रचरण होय. प्रचरणाच्या वर्गमुळास प्रमाण विचलन म्हणतात. निर्जीव पदार्थांच्या मापनात तफावत ही बहुधा मापनातील त्रुटी असते. सजीवांच्या बाबतीत तसे नाही. दोन माणसे एकसारखी नसतात आणि तोच माणूस दोन दिवशी एकसारखा नसतो. त्यामुळे वैद्यक, पोषणशास्त्र, मानसशास्त्र व शिक्षणशास्त्र या विषयांत ‘ही तफावत कोणाची?’ हा प्रश्न टाळता येत नाही आणि त्याचे उत्तर देण्याचे प्रमुख साधन म्हणून प्रचरण विश्लेषण वापरले जाते. या प्रश्नाच्या उत्तरावर देशातील भुकेल्या माणसांची संख्या कशी ठरते, यासंबंधीचा एक महत्त्वाचा वाद महाराष्ट्रात उद्‌भवला. सातारा जिल्ह्यात जन्मलेले संख्याशास्त्रज्ञ पां. वा. सुखात्मे हे त्या वादाच्या केंद्रस्थानी होते. त्याचे विवेचन पुढे केले आहे.

पद्धतीचे स्वरूप एका काल्पनिक उदाहरणावरून स्पष्ट होईल. सांगलीच्या हळदीच्या पेठेत पोती उचलणाऱ्या तीन हमालांचा आहार चार दिवस तोलून पाहिला, असे समजू. पहिल्या हमालाच्या आहारातून प्रतिदिनी २,६००, ३,०००, २,८०० व ३,२०० किलोकॅलरी ऊर्जा मिळाली. दुसऱ्याला २,२००, २,६००, २,४०० व २,८००. तर तिसऱ्याला २,४००, २,८००, ३,००० व २,६००. तिघांची माध्ये अनुक्रमे २,९००, २,५०० व २,७०० आणि सर्व बारा नोंदींचे माध्य २,७०० येते. आकडेमोड सोपी व्हावी म्हणून शंभर किलोकॅलरी हे एकक घेतल्यास सर्व विचलनांच्या वर्गांची बेरीज ९२ भरते. यांपैकी ३२ हा भाग तीन हमालांच्या माध्यांतील फरकामुळे आलेला आहे व उरलेला ६० हा भाग प्रत्येक हमालाच्या स्वतःच्या दिवसागणिक चढउतारांचा आहे. ३२ + ६० = ९२ हे जुळणे हा योगायोग नव्हे; वर्गांच्या बेरजेचे असे निःशेष विभाजन होणे हाच या पद्धतीचा बीजगणितीय पाया आहे.

या दोन बेरजांची सरळ तुलना करता येत नाही, कारण त्या वेगवेगळ्या संख्येच्या स्वतंत्र फरकांवरून काढलेल्या असतात. तीन माध्यांमध्ये दोन स्वतंत्र फरक असतात. प्रत्येक हमालाच्या चार नोंदींत तीन, म्हणजे तिघांचे मिळून नऊ. या संख्यांना स्वातंत्र्य मात्रा म्हणतात. त्यांनी भागले असता व्यक्तिव्यक्तींमधील माध्य वर्ग १६ व व्यक्तीअंतर्गत माध्य वर्ग ६.६७ मिळतो. त्यांचे गुणोत्तर २.४ हे एफ् गुणोत्तर होय. तिन्ही हमालांचा दीर्घकालीन आहार सारखाच आहे अशी निराकरणीय परिकल्पना धरली, तर शंभरात पाच वेळाच ओलांडली जाईल अशी एफ्‌ची मर्यादा २ व ९ स्वातंत्र्य मात्रांसाठी ४.२६ आहे. २.४ ही संख्या तिच्या आत असल्यामुळे तिघांमधील फरक सार्थ मानता येत नाही. याचा अर्थ फरक नाही असा नव्हे. एवढ्या नोंदींवरून तो सिद्ध होत नाही, इतकाच अर्थ घ्यावयाचा असतो. संशोधनपत्रिकांतून या दोन विधानांची गल्लत आजही वारंवार आढळते.

याच आकड्यांतून दुसरी, व पुष्कळदा अधिक उपयुक्त, माहिती मिळते. व्यक्तिव्यक्तींमधील माध्य वर्गात दिवसागणिक चढउतारांचाही वाटा मिसळलेला असतो. तो वजा करून चाराने भागल्यास (१६ − ६.६७) ÷ ४ = २.३३ हा खऱ्या व्यक्तिभेदाचा प्रचरण घटक मिळतो. म्हणजे एका दिवसाच्या नोंदीत जी ९ एकक तफावत दिसते, तिच्यापैकी सुमारे एक चतुर्थांशच माणसामाणसांतील आहे. तीन चतुर्थांश त्याच माणसाच्या आज-उद्यातील आहे. एकाच दिवसाच्या आहारावरून कोणास अल्पाहारी ठरविणे किती धोक्याचे आहे, हे यावरून कळून येईल. रक्तदाब, रक्तातील शर्करा, प्रतिक्रियाकाल, स्मरणशक्तीच्या चाचणीतील गुण या सर्वांना हेच लागू पडते.

इतिहास : प्रचरण ही संज्ञा या अर्थाने आर्. ए. फिशर (१८९०–१९६२) यांनी १९१८ मध्ये आनुवंशिकतेवरील निबंधात योजिली. नातेवाईकांमधील उंचीसारख्या गुणधर्माच्या साम्याची मेंडेल यांच्या नियमांशी सांगड घालण्याचा तो प्रयत्न होता; म्हणजे पद्धतीचे मूळच जीवविज्ञानात आहे. पुढे इंग्लंडमधील रॉथॅमस्टेड येथील कृषिसंशोधन केंद्रात काम करीत असताना खते व वाण यांच्या प्रयोगांसाठी त्यांनी तिला आजचे रूप दिले. १९२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या संशोधकांसाठीच्या सांख्यिकीय पद्धतींवरील ग्रंथामुळे ती सर्वत्र पसरली. फिशर स्वतः गुणोत्तराच्या लॉगरिथमाचा निम्मा भाग वापरीत; सरळ गुणोत्तर घेऊन त्याला फिशर यांच्या आद्याक्षरावरून ‘एफ्’ हे नाव अमेरिकेतील जॉर्ज स्नेडेकर यांनी १९३४ मध्ये दिले. भारतात या पद्धतीचा प्रसार प्रथम शेतीच्या प्रयोगांतून झाला. व्ही. जी. पानसे व सुखात्मे यांचा कृषिकार्यकर्त्यांसाठी लिहिलेला सांख्यिकीय पद्धतींवरील इंग्रजी ग्रंथ (१९५४) अनेक पिढ्यांच्या विद्यार्थ्यांनी अभ्यासला आहे.

वैद्यकीय प्रयोगांतील वापर : तीन किंवा अधिक उपचारांची तुलना दोनदोनच्या जोड्या घेऊन केल्यास चुकीच्या निष्कर्षाची शक्यता वाढत जाते. गट मोठे व सारख्या आकाराचे असून खरा फरक मुळीच नसला, तरी पाच टक्के पातळीवर निदान एक जोडी सार्थ दिसण्याची संभाव्यता तीन गटांत सुमारे १२ टक्के व पाच गटांत सुमारे २९ टक्के होते. प्रचरण विश्लेषणात सर्व गटांचा विचार एकाच कसोटीने होत असल्याने हा दोष टळतो. मात्र एफ् सार्थ ठरल्यानंतर कोणता गट कोणाहून वेगळा आहे हे ठरविण्यासाठी बहुविध तुलनेच्या स्वतंत्र पद्धती लागतात.

दोन घटकांची एकत्र चाचणी हा या पद्धतीचा खरा लाभ आहे. पंडुरोग असलेल्या मुलांना लोहाच्या गोळ्या व जंतनाशक औषध यांपैकी काहीच नाही, एक, दुसरे किंवा दोन्ही, असे चार गटांत विभागले आणि हीमोग्लोबिनातील वाढ दर १०० मिलि. रक्तामागे अनुक्रमे ०.१, ०.८ (केवळ लोह), ०.२ (केवळ जंतनाशक) व १.७ ग्रॅ. आढळली, असे समजू. दोन्ही परिणामांची निव्वळ बेरीज झाली असती, तर चौथ्या गटात ०.९ ग्रॅ. एवढीच वाढ अपेक्षित होती. उरलेला ०.८ ग्रॅ. हा परस्परक्रियेचा परिणाम होय. एका वेळी एकच घटक बदलणाऱ्या प्रयोगात तो कधीच दिसला नसता.

अनावश्यक तफावत प्रयोगाच्या रचनेतच बाजूला काढता येते. उंदरांवरील प्रयोगात एकाच वेतातील पिले वेगवेगळ्या आहारांवर ठेवल्यास वेतावेतांमधील फरक वेगळा काढला जातो व उपचारांची तुलना अधिक सूक्ष्म होते. शेतातील वाफ्यांचे खंड पाडण्याचीच ही युक्ती आहे. परंतु कोणत्या पिलाला कोणता आहार द्यावयाचा हे चिठ्ठ्या टाकून, म्हणजे यादृच्छिक रीतीने, ठरविले पाहिजे. यादृच्छिकतेशिवाय केलेल्या विश्लेषणात आकडेमोड कितीही अचूक असली, तरी निष्कर्षास आधार राहत नाही.

गृहीते : पद्धतीच्या मागे तीन प्रमुख गृहीते आहेत. त्रुटी प्रसामान्य वंटनानुसार असाव्यात, सर्व गटांतील प्रचरण सारखे असावे आणि निरीक्षणे परस्परांपासून स्वतंत्र असावीत. पहिल्यापासून थोडेफार ढळल्याने फारसे बिघडत नाही. दुसरे गृहीत गटांची संख्या असमान असताना महत्त्वाचे ठरते; दोन गटांची प्रचरणे भिन्न असताना माध्यांची तुलना कशी करावी, हा बेरेन्स व फिशर यांचा प्रश्न म्हणून प्रसिद्ध असून त्यासाठी लागणारी कोष्टके सुखात्मे यांनी १९३८ मध्ये तयार केली होती. तिसऱ्या गृहीताकडे मात्र सर्वांत कमी लक्ष दिले जाते आणि अनर्थ बहुधा तेथेच होतो.

वर्तनविषयक संशोधनात हा धोका दोन रूपांनी येतो. पहिले रूप समूहाचे. जत तालुक्यातील सहा शाळांत प्रत्येकी ४० मुलांना वाचन शिकविण्याच्या दोन रीतींपैकी एक वापरली, असे समजू. नोंदी २४० मुलांच्या होतील, पण एका वर्गातील मुलांना शिक्षक एक, फळा एक व गावही एक. त्यांच्या गुणांतील अंतर्वर्ग सहसंबंध ०.१ इतका अल्प असला, तरी माध्याचे प्रचरण १ + ३९ × ०.१ = ४.९ पट होते. म्हणजे २४० मुलांची माहिती सुमारे ४९ स्वतंत्र मुलांइतकीच ठरते. रीत शाळेला दिलेली असल्यामुळे तुलना शाळाशाळांमधील तफावतीशीच करावयास हवी आणि ती अवघ्या सहा शाळांवरून. दुसरे रूप पुनरावृत्तीचे. एकाच व्यक्तीची चाचणी अनेकदा घेतली, की व्यक्तिभेद वेगळा काढता येतो हे खरे. परंतु सराव, थकवा व कंटाळा यांचा अंश एका चाचणीतून दुसरीत उतरतो. चाचण्यांचा क्रम लॅटिन चौरसाप्रमाणे फिरता ठेवून हा दोष काहीसा कमी करता येतो. लागोपाठच्या नोंदी एकमेकींशी जवळच्या व दूरच्या नोंदी कमी जवळच्या असतील, तर नेहमीची एफ् कसोटी फाजील उदार बनते आणि स्वातंत्र्य मात्रा घटवाव्या लागतात.

सुखात्मे यांची उपपत्ती व तीवरील वाद : पांडुरंग वासुदेव सुखात्मे (२७ जुलै १९११–२८ जानेवारी १९९७) यांचा जन्म सातारा जिल्ह्यातील खटाव तालुक्यात बुध या गावी झाला. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयातून पदवी घेतल्यावर ते लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात जर्झी नेमान व ई. एस्. पिअर्सन यांच्या सहवासात शिकले. १९४० नंतरच्या दशकात त्यांनी पिकांच्या उत्पन्नाच्या यादृच्छिक नमुना पाहण्या भारतात रूढ केल्या. फार लहान वाफा कापल्यास कडेवरची रोपे आत धरली जाऊन उत्पन्नाचा अंदाज फुगतो, हे त्यांनी याच काळात दाखविले. १९५१ पासून ते संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व शेती संघटनेत होते. जगातील दोनतृतीयांश लोक उपाशी आहेत, या तेव्हा प्रचलित असलेल्या विधानाची त्यांनी १९६१ मधील निबंधात चिकित्सा केली. एखाद्या देशाच्या सरासरी गरजेपेक्षा कमी खाणारे सर्वच लोक भुकेले नसतात. कित्येकांची गरजच कमी असते, हा त्या चिकित्सेचा गाभा होता. लंडनच्या रॉयल स्टॅटिस्टिकल सोसायटीने १९६३ मध्ये त्यांना गाय रौप्यपदक दिले.

यापुढचे पाऊल अधिक धाडसी होते. १९७१ मध्ये वि. म. दांडेकर व नीलकंठ रथ यांनी भारतातील दारिद्र्यावरील आपला अभ्यास प्रसिद्ध केला. प्रतिदिनी दरडोई २,२५० किलोकॅलरी हा निकष धरून त्यांनी १९६०–६१ मध्ये ग्रामीण भागातील सुमारे ४० टक्के व शहरांतील सुमारे ५० टक्के लोक दारिद्र्यरेषेखाली असल्याचे दाखविले. नियोजन आयोगाच्या कृतिगटाने १९७९ मध्ये ग्रामीण भागासाठी २,४०० व शहरी भागासाठी २,१०० किलोकॅलरी असे निकष ठरविले. सरासरी गरज हीच सीमारेषा धरण्यास सुखात्मे यांचा आक्षेप होता आणि त्यांनी तो प्रचरणाच्या विभाजनावर आधारला.

रूढ मत असे, की प्रत्येक व्यक्तीची ऊर्जेची गरज ठरलेली असते व तफावत आहे ती व्यक्तिव्यक्तींमध्ये. सुखात्मे यांनी ब्रिटिश लष्करातील जवानांच्या आहार व ऊर्जाखर्चाच्या एडहोम व त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतलेल्या नोंदी तपासल्या आणि वरील हमालांच्या उदाहरणातल्याप्रमाणे तफावतीचा मोठा वाटा व्यक्तीअंतर्गत असल्याचे दाखविले. दिवसागणिक चढउतार परस्परांपासून स्वतंत्र असते, तर सात दिवसांच्या माध्याचे प्रचरण एका दिवसाच्या प्रचरणाच्या एकसप्तमांश व्हावयास हवे. ते त्याहून बरेच अधिक आढळले. याचा अर्थ आजच्या नोंदीचा उद्याच्या नोंदीशी संबंध असतो. कॅलिफोर्नियातील बर्कली येथील शेल्डन मार्गेन यांच्यासमवेत त्यांनी १९७८ मध्ये प्रथिनांसंबंधी व १९८२ मध्ये ऊर्जेसंबंधी हीच मांडणी केली. प्रथिनांच्या प्रयोगांत आहार ठराविक ठेवूनही शरीरातील नायट्रोजनाचा ताळेबंद दिवसामागून दिवस, क्रमबद्ध रीतीने, वरखाली होत होता. यावरून त्यांनी अनुमान काढले, की शरीर ऊर्जेचा विनियोग काही मर्यादेत स्वतःच नियंत्रित करते. म्हणून माध्यापासून दोन प्रमाण विचलनांइतके खाली जाईपर्यंत व्यक्तीस न्यूनपोषित समजू नये. माध्य २,७०० किलोकॅलरी व प्रमाण विचलन त्याच्या १५ टक्के धरल्यास ही मर्यादा सुमारे १,९०० येते. रेषा ८०० किलोकॅलरींनी खाली सरकली, की तिच्याखालच्या लोकांची संख्या कोट्यवधींनी घटते.

ही उपपत्ती प्रसिद्ध होताच तीव्र वाद सुरू झाला. दांडेकर यांनी १९८१–८२ मध्ये तिच्यावर सविस्तर टीका केली, सी. गोपालन यांच्यासारख्या पोषणतज्ज्ञांनी वैद्यकीय बाजूने आक्षेप घेतले. ‘लहान, पण निरोगी’ असे शरीर असू शकते, या अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड सेकलर यांच्या कल्पनेचाही याच सुमारास पुरस्कार होत होता. खुजेपणास अनुकूलन म्हणणे म्हणजे उपासमारीस मान्यता देणे होय, असे गोपालन यांचे म्हणणे होते. भावनेचा भाग वगळला, तरी सांख्यिकीच्या दृष्टीने दोन मुद्दे उरतात.

पहिला मुद्दा सहसंबंधाचा. लागोपाठच्या दिवसांचा सहसंबंध ०.३ धरला, तर सात दिवसांच्या माध्याचे प्रचरण एकसप्तमांशाऐवजी सुमारे एक चतुर्थांश होते; सुखात्मे यांनी दाखविलेली विसंगती अशीच निर्माण होते. पण त्याच नियमाने तीस दिवसांच्या माध्याचे प्रचरण सुमारे एक सोळांश होते व कालावधी वाढवीत नेल्यास ते शून्याकडे जाते. सहसंबंधामुळे चढउतार एकमेकांस फेडण्यास उशीर लागतो, ते फिटत नाहीत असे नाही. म्हणून एखादा माणूस काही दिवस १,९०० किलोकॅलरींवर राहू शकतो एवढे नोंदींवरून निघते. तो वर्षभर तेथे राहील व त्याचे वजन किंवा काम घटणार नाही, हे निघत नाही. दुसरा मुद्दा अधिक मूलभूत आहे. विश्लेषण ज्या राशीचे केले ती राशी आहाराची होती, गरजेची नव्हे. हवे तेवढे अन्न मिळणाऱ्या जवानाने एखाद्या दिवशी कमी खाणे ही त्याची निवड असते. दुष्काळी माणदेशातील मजुराने कमी खाणे ही निवड नसते. प्रचरणाचे विभाजन दोन्ही ठिकाणी सारख्याच सूत्रांनी होते आणि सूत्रांना हा भेद कळत नाही.

असे असले, तरी सुखात्मे यांचा मूळ प्रश्न चुकीचा होता असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. सरासरी गरजेपेक्षा कमी खाणाऱ्या प्रत्येकास कुपोषित म्हणणे सांख्यिकीय दृष्ट्या सदोषच आहे, कारण संपूर्ण सुपोषित समाजातही निम्म्याच्या आसपास लोक त्या रेषेखाली सापडतील. प्रस्तुत लेखकाच्या मते त्यांच्या मांडणीतील निदान योग्य होते. व्यक्तीअंतर्गत तफावतीतून थेट शरीरक्रियेविषयी काढलेले अनुमान मात्र पुराव्यापलीकडचे होते. अन्न व शेती संघटनेच्या, जागतिक आरोग्य संघटनेच्या व संयुक्त राष्ट्रांच्या विद्यापीठाच्या तज्ज्ञसमितीने १९८५ च्या अहवालात ऊर्जेची गरज आहारावरून न ठरविता ऊर्जेच्या खर्चावरून ठरवावी, अशी भूमिका घेतली. हायड्रोजन व ऑक्सिजन यांचे जड समस्थानिक असलेले पाणी पाजून दोन आठवड्यांपर्यंतचा ऊर्जाखर्च व्यक्तीच्या नित्य जीवनात व्यत्यय न आणता मोजण्याचे तंत्र माणसांसाठी त्याच दशकात प्रचारात आले. त्यामुळे व्यक्तीअंतर्गत व व्यक्तिव्यक्तींमधील तफावत आहाराऐवजी प्रत्यक्ष खर्चावर तपासणे शक्य झाले आहे. देशोदेशींच्या न्यूनपोषितांचे जे अंदाज अन्न व शेती संघटना दरवर्षी प्रसिद्ध करते, त्यांच्या पद्धतीचे मूळ मात्र सुखात्मे यांच्या १९६१ मधील निबंधातच आहे आणि त्या पद्धतीतील सीमारेषा सरासरी गरजेवर नव्हे, तर तिच्याखाली ठेवलेली असते.